रंगीत करा, पण मग तिला ‘तीच फिल्म’ म्हणू नका

नायगावची नात

परवा बोरिवली एडिटर यांनी इथे एक क्लिप टाकली. ७ डिसेंबर १९५६, बाबासाहेबांची अंत्ययात्रा, दीड मिनिट, रंगीत, लोण्यासारखी गुळगुळीत, खाली घोषणांचा आवाज चढवलेला. वर लिहिलंय, "एआयने इतिहास जिवंत केला. आता फिल्मच्या त्या कुजक्या डब्यांवर कोट्यवधी रुपये कशाला घालायचे? स्कॅन करा, एआयमधून काढा आणि डबे भंगारात द्या." चारशेच्या वर लाइक पडलेत. मी दोन रात्री लिहून खोडतेय, आज लिहितेच.

आमचे आजोबा नायगावच्या बीडीडी चाळीत राहायचे. गिरणीत साचेखात्यात होते. एकदा पट्टा तुटून डोक्याशी आदळला, त्यात डाव्या कानाची खालची पाळी गेली. त्या दिवशी ते राजगृहापासून दादर चौपाटीपर्यंत चालत गेले. त्या फिल्ममध्ये जेमतेम दोन सेकंद दिसतात, गर्दीत, चालता चालता कॅमेऱ्याकडे वळून बघतात आणि पुढे जातात. १९७१ ला आजोबा गेले. त्यांचे घरात दोनच फोटो आहेत, एक रेशनकार्डासाठी काढलेला आणि एक लग्नातला, त्यात ते मागच्या रांगेत उभे आहेत. म्हणजे आमच्यासाठी चालणारे-वळणारे आजोबा फक्त त्या दोन सेकंदांत आहेत. ६ डिसेंबरला चाळीत व्हिडिओ लावायचे तेव्हा आजी पुढे जाऊन काचेवर बोट ठेवायची, "हे बघ, कान बघ." आम्ही सगळी नातवंडं कानावरूनच त्यांना ओळखायला शिकलो.

तुमच्या क्लिपमध्ये तो कान पूर्ण आहे. पाळी आलेली आहे. गालावरचे देवीचे व्रण गेलेत, डोळे मोठे झालेत, मिशी कोणीतरी आत्ता विंचरून दिल्यासारखी. माणूस कुणीतरी दुसराच आहे. आणि त्यांच्या मागे बांबूवर जो झेंडा आहे तो तुमच्या एआयने विटकरी केलाय. शेड्युल्ड कास्ट्स फेडरेशनचा झेंडा निळा होता हो! हे तरी विचारायचं कुणालातरी.

आणि ही फिल्म सरकारने काढलेली नाही. नामदेवराव व्हटकरांनी पदरचे पैसे घालून, धावपळ करून ती काढली, म्हणून आज आपल्याकडे आहे. त्यांनी जे टिपलं ते तुम्ही पुसलंत आणि त्यावर "जिवंत केला" लिहिलंत. मला त्याचा राग आलाय.

बोरिवली एडिटर

ताई, आधी मनापासून सॉरी. आजोबांचं मला माहीत असणं शक्यच नव्हतं.

पण माझीही बाजू ऐका. मला जी कॉपी मिळाली ती कॉपीची कॉपीची कॉपी होती, माणसं म्हणजे नुसते राखाडी ठिपके, वर कुठल्यातरी चॅनलचा लोगो. ती क्लिप नेटवर कित्येक वर्षं पडून आहे, बघितली किती जणांनी? मी केल्यावर माझ्या बारा वर्षांच्या भाचीने पूर्ण बघितली आणि विचारलं, "मामा एवढी माणसं रडतायत, कोण होते हे?" त्यानंतर आम्ही तासभर बोललो. हा तासभर त्या ठिपक्यांनी दिला असता का? पीटर जॅक्सनने २०१८ मध्ये पहिल्या महायुद्धाचं फुटेज रंगीत केलं, आवाज दिला, सैनिकांचे ओठ वाचणारी माणसं बसवून संवाद भरले, जगाने डोक्यावर घेतलं. त्यांनी केलं की कला आणि बोरिवलीतल्या पोराने लॅपटॉपवर केलं की पाप?

झेंड्याचं मान्य. चूक आहे, दुरुस्त करतो. पण कानाबद्दल खरं सांगू का, त्या कॉपीत कान दिसतच नाही. राग मानू नका, पण ते आजोबाच आहेत हे तरी कशावरून? चार ठिपक्यांवरून?

नायगावची नात

चार ठिपके माझ्या आजीने पन्नास वर्षं संसारात बघितले होते. तिला विचारायला हवं होतं तुम्ही, आता ती नाही. "कशावरून" हा प्रश्न तुमच्या एआयला का नाही पडला, कान चिकटवताना?

सदाशिव पेठ

बरोब्बर. आणि मुळात लोकांना "स्मूथ" म्हणजे काय हेच कळत नाही, म्हणून हिशोब मांडतो. सेकंदाला २४ फ्रेम घेतलेल्या फिल्मच्या तुम्ही ६० करता. म्हणजे दर सेकंदाला किमान ३६ फ्रेम अशा, ज्या कुठल्याही भिंगासमोर कधी घडलेल्याच नाहीत. मशीनने मधल्या जागा अंदाजाने भरल्या. निम्म्याहून जास्त माल बनावट आणि वर लेबल "ओरिजिनल फुटेज". केनेडींच्या हत्येची झप्रूडरची फिल्म घ्या, २२ नोव्हेंबर १९६३, हौशी माणसाचा ८ एमएमचा कॅमेरा, २६ सेकंद, ४८६ फ्रेम. गोळी कुठल्या फ्रेमला लागली यावर चौकश्या झाल्या, ३१३ हा आकडा लोकांना पाठ आहे. ती फिल्म कुणी "स्मूथ" केली असती तर ३१३ आणि ३१४ च्या मध्ये मशीनने काय घातलं यावर लोक भांडत बसले असते.

रंगाचंही तेच. मूकपटांच्या सुरुवातीच्या काळात जी फिल्म वापरायचे तिला लाल रंग दिसायचाच नाही, लाल काळं पडायचं आणि आभाळ पांढरंफट्ट. कपाळावरचं कुंकू काजळाच्या ठिपक्यासारखं दिसतं. आता त्यावरून तुमचं मशीन काय ओळखणार? ते तपकिरी, मातकट, "जुनं वाटेल" असं काहीतरी फासतं. आपल्या बापजाद्यांचा सगळा काळ चहाच्या डागाच्या रंगाचा होता अशी एका पिढीची समजूत करून देणार आहोत आपण.

पीटर जॅक्सनचं नाव घेऊ नका. तो माणूस गणवेशांचा संग्रह बाळगून होता, बटणाचा रंग कुठला हे प्रत्यक्ष वस्तू समोर ठेवून ठरवलं, फुटेजचा मूळ वेग प्रत्येक शॉटला वेगळा काढला. आणि मूळ फिल्म इंपीरियल वॉर म्युझियममध्ये जशीच्या तशी आहे. तुम्ही म्हणताय डबे भंगारात द्या.

ऑपरेटर काका

मी टुरिंग टॉकीजला ऑपरेटर होतो. कराड, पाटण, वडूज, म्हसवड, जत्रा तिथे आमचा तंबू. त्यानंतर पक्क्या थेटरात २२ वर्षं. थोडं सांगू द्या.

भंगारात द्या हे वाक्य मी लहानपणापासून ऐकतोय. फिल्ममध्ये चांदी असते. जुनी रिळं किलोवर घेणारे लोक यायचे, धुऊन चांदी काढायचे, उरलेल्या पट्टीच्या बांगड्या व्हायच्या. आमच्या गल्लीत बायका तसल्या बांगड्या घालायच्या, उन्हात धरली तर कधी कधी आत बारीक चित्र दिसायचं. तेव्हा आम्हाला त्याची गंमत वाटायची. ‘आलम आरा’ची आज एक प्रिंट नाही. १९३१ सालचा पहिला बोलपट, ज्याला लोकांनी गिरगावात रस्ता अडवला, त्याची प्रिंट नाही.

आणि न्यूजरीलचं, म्हणजे बातम्यांच्या फिल्मचं ऐका. मेन पिक्चरच्या आधी सरकारी फिल्म्स डिव्हिजनची रीळ लावणं सक्तीचं होतं. पब्लिक तेव्हा बाहेर विडी ओढायचं, मालक कुरकुरायचा. ती प्रिंट थेटरा-थेटरातून फिरत आमच्याकडे यायची तोवर इतकी जोड मारलेली असायची की पंडितजी बोलता बोलता एकदम धरणावर उभे. तुटली की आम्ही दोन-चार इंच कापून फिल्म चिकटवायच्या सिमेंटने जोड मारायचो, कापलेला तुकडा पायाखाली. त्या तुकड्यात कोण होतं आम्ही कधी बघितलं नाही. आज या ताईंचं वाचून ते आठवलं आणि बरं वाटलं नाही.

दीक्षाभूमी रोड

काका, तुमचं वाचून खरंच वाईट वाटलं. पण सदाशिव पेठ, तुमचं वाचून नाही वाटलं.

तुम्ही कुंकवाचा रंग आणि ३६ फ्रेम सांगताय. मी दुसरं सांगतो. आमच्या वाचनालयाला १४ ऑक्टोबरच्या कार्यक्रमासाठी १९५६ च्या धम्मदीक्षेचं थोडं फुटेज पाहिजे होतं. पाच मिनिटं. शाळकरी पोरांना दाखवायचं, तिकीट नाही, काही नाही. एका सरकारी ऑफिसात तीन चकरा मारल्या, नागपूरहून, स्लीपरच्या डब्यातून. पहिल्यांदा म्हणे लेटरहेडवर अर्ज द्या. दुसऱ्यांदा म्हणे वापराचा हेतू लिहून द्या. तिसऱ्यांदा दर सांगितला, सेकंदावर. सेकंदावर! पाच मिनिटांचे तीनशे सेकंद, आमच्या वाचनालयाचं वर्षाचं पुस्तकांचं बजेट संपलं असतं. शेवटी वस्तीतल्या एका काकांकडे टीव्हीवरून रेकॉर्ड केलेली कॅसेट होती, बुरशी आलेली, ती कापसाने पुसून लावली. पोरांनी बघितली, अर्धी लाइनींतच.

त्यामुळे या एडिटर पोराने क्लिप टाकली तेव्हा आमच्या ग्रुपवर ती चाळीस जणांनी पाठवली. चुकीची असेल. पण आली तरी ना आमच्यापर्यंत! तुमची शुद्ध फिल्म कुलपात आहे आणि किल्ली पुण्यात.

सदाशिव पेठ

किल्ली पुण्यात आहे कारण पुण्यात कुणीतरी ते काम केलं म्हणून! १९६४ मध्ये पुण्यात सरकारी फिल्म अर्काइव्ह, म्हणजे जुन्या फिल्म जपणारी संस्था, सुरू झालं तेव्हा देशात या गोष्टीला विचारत कोण होतं? पी. के. नायर हा माणूस भंगारवाल्यांकडे, बंद पडलेल्या स्टुडिओंत, गोदामांत फिरून डबे गोळा करायचा. फाळक्यांच्या घरच्यांकडून फिल्म मिळवल्या म्हणून ‘कालिया मर्दन’ आज बघता येतो. मूकपटांच्या काळात हजारावर चित्रपट निघाले आपल्याकडे, त्यातले तीसेकसुद्धा धड उरलेले नाहीत. सावे दादांनी, म्हणजे हरिश्चंद्र भाटवडेकरांनी, डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून गणितात रँग्लर होऊन परतलेल्या परांजप्यांचं चौपाटीवरचं स्वागत शूट केलं, भारतातली पहिली बातमी म्हणावी अशी फिल्म, त्याची एक फ्रेम उरलेली नाही. जे उरलं ते कुणाच्या तरी हट्टामुळे उरलं. आणि २०१९ मध्ये गांधीजींच्या न कापलेल्या फुटेजची तीस रिळं समोर आली, सहा तासांच्या आसपास. ती कुणी जपली?

मी स्वतः दोन वर्षं फिल्म तपासायच्या टेबलावर बसलोय. हातमोजे घालून. हजार फुटांचं रीळ म्हणजे ११ मिनिटं, म्हणजे १६,००० फ्रेम, आणि ३५ एमएमला प्रत्येक फ्रेमच्या दोन्ही बाजूंना चार-चार भोकं. एकेक भोक बघायचं, फाटलंय का, आकसलंय का. एका रिळाला कधी कधी आख्खा आठवडा जातो. आणि कुणीतरी तीन चकरा मारल्या म्हणून सगळ्यांवर राग.

दीक्षाभूमी रोड

"कुणीतरी तीन चकरा मारल्या." वा.

ते सहा तास तुम्ही बघितलेत का? मी नाही बघितले. ताई, तुम्ही? काका, तुम्ही? देशात कितीजणांनी बघितले? जपणं म्हणजे दिसू न देणं असेल तर माझ्यासाठी जळालेली फिल्म आणि कुलपातली फिल्म यात फरक काय हो?

आणि अजून एक, हे कुणी बोलत नाही म्हणून मीच बोलतो. आधी काय शूट झालं हे बघा. मंत्र्याने फीत कापली, शूट झालं. परदेशी पाहुणा आला, शूट झालं. लाखो माणसं आपल्या नेत्याला पोचवायला रस्त्यावर आली, तेव्हा एका व्हटकरांना स्वतःच्या खिशात हात घालावा लागला. मग जे शूट झालं त्यातलं काय आधी साफ करायचं, काय आधी स्कॅन करायचं, ही यादी कोण बनवतं? सिनेमे आधी. नट-नट्या आधी. आमच्या बाबतीत नेहमीच "काम चालू आहे".

सदाशिव पेठ

हा विषयच नव्हता. विषय एआयचा होता. प्रत्येक धागा तुम्ही इथेच आणून सोडता.

दीक्षाभूमी रोड

कारण प्रत्येक धागा इथूनच सुरू होतो आणि तुम्हाला दिसत नाही! ज्या क्लिपवर तुम्ही ३६ फ्रेमचा हिशोब मांडलात ती कुणाच्या अंत्ययात्रेची आहे? विषय नव्हता म्हणे.

लेस्टरवासी

भांडू नका, पण दीक्षाभूमी रोड यांचा मुद्दा इथून बघताना जास्तच जाणवतो. जुन्या न्यूजरीलवाल्या ब्रिटिश पाथे कंपनीने २०१४ मध्ये ८५,००० फिल्म यूट्यूबवर उघड्या टाकल्या. गांधीजी १९३१ ला लँकेशायरला गिरणी कामगारांना भेटले, ते मी इथे सोफ्यावर बसून मुलाला दाखवलं, फुकट. त्याच्या शाळेत प्रोजेक्टला वापरलं. आपल्या देशाचा इतिहास ब्रिटिशांच्या चॅनलवर सोपा आणि आपल्याकडे अर्ज करून, हे दुखतं.

पण एक. ब्रिटिश पाथेने ते कृष्णधवल जसं आहे तसंच टाकलंय. माझा मुलगा नऊ वर्षांचा, त्याने काही "रंग का नाही" विचारलं नाही. त्याने विचारलं ती बाई गांधीजींचा हात का सोडत नाहीये.

बोरिवली एडिटर

थँक्यू, माझं म्हणणं अर्धं तुम्हीच मांडलंत. आता उरलेलं मी मांडतो, शांतपणे.

डबे भंगारात द्या हे मी चिडून लिहिलं होतं. पण ओरिजिनल ओरिजिनल करत बसणाऱ्यांना ८ जानेवारी २००३ ची आठवण करून देतो. पुण्यात एफटीआयआय या फिल्म शिकवणाऱ्या संस्थेच्या आवारातल्या गोदामाला आग लागली, नायट्रेटच्या, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या प्रकारच्या फिल्म जळाल्या, प्रभातच्या मूळ निगेटिव्ह त्यात गेल्या. नायट्रेट एकदा पेटलं की स्वतःच ऑक्सिजन तयार करतं, पाण्याखाली सुद्धा जळत राहतं. कितीही हातमोजे घाला, गेलं ते गेलं. त्याच निगेटिव्हचे चांगले स्कॅन चार शहरांत चार डिस्कवर असते तर? २०१४ नंतर ५९७ कोटींचं सरकारी फिल्म वारसा मिशन आलं, रिस्टोरेशन सुरू झालं, चांगलंच आहे, पण तोवर काय काय आंबून गेलं? फिल्म एकच असते, फाइलच्या शंभर होतात. यावर बोला की.

सदाशिव पेठ

बोलतो.

त्या आगीचा विषय निघाला की माझ्याच्याने अजून नीट बोलवत नाही. दुसऱ्या दिवशी आवारात गेलो होतो. वाकडेतिकडे झालेले पत्र्याचे डबे आणि वास. आधी स्कॅन झालं असतं तर बरं झालं असतं, हो. हे मान्य करतो, आणि मान्य करायला मला जड जातंय.

पण फाइलच्या शंभर होतात हे अर्धसत्य. नासाने चंद्रावर माणूस उतरवला, १९६९, त्याच्या मूळ टेप, ज्यात टीव्हीवर दिसलं त्याहून चांगलं चित्र होतं, त्या पुसून परत वापरल्या. हे त्यांनीच २००९ मध्ये कबूल केलं. जगातल्या सगळ्यात मोठ्या घटनेचं हे, सगळ्यात श्रीमंत संस्थेकडून. तुमच्या लॅपटॉपमधली २०१२ सालची हार्ड डिस्क आज उघडून बघा. फिल्मचं तसं नाही, थंड आणि कोरड्या जागी नीट ठेवली तर शंभर वर्षं टिकते, सिनेमाची सुरुवात करणाऱ्या ल्युमिएर बंधूंची अजून आहे, आणि बघायला काही नसेल तर उजेडात धरली तरी चित्र दिसतं. फाइल उजेडात धरून बघा.

ऑपरेटर काका

हे मात्र खरं. बांगडीत सुद्धा दिसायचं.

पोफळीची सून

मध्येच येते, माफ करा. हे सगळं वाचून मी माळ्यावर चढले.

सासरे कोयनेला इंजिनिअर होते. त्यांच्याकडे छोटा कॅमेरा होता, ८ एमएमचा. ११ डिसेंबर १९६७ चा भूकंप झाला तेव्हा ते कोयनानगरच्या कॉलनीतच होते, पहाटे चारच्या पुढे, सासूबाई अजून सांगतात, भांडी पडली म्हणून उठले आणि भिंतच नव्हती. सकाळी त्यांनी कॅमेरा घेऊन पडलेली क्वार्टर्स काढली, मैदानात अंथरुणं टाकून बसलेली माणसं काढली. रंगीत आहे म्हणे. सात डबे आहेत. दोन उघडले तर व्हिनेगरचा असा भपकारा आला की डोळ्यात पाणी. दिराचं म्हणणं, पुढच्या आठवड्यात रंगकाम आहे, टाकून दे. एका डब्यात फिल्म कडेने लाटालाटांची झालीय, दुसऱ्या पाच बऱ्या वाटतायत. घरात जुना प्रोजेक्टर पण आहे, लावून बघू का एकदा? काय करू?

सदाशिव पेठ

नको!! प्रोजेक्टरला लावू नका, हात जोडतो. फिल्म आकसलेली असणार, भोकं दात्यांवर बसणार नाहीत, टराटरा फाटेल.

नीट वाचा. व्हिनेगरचा वास म्हणजे फिल्मचा पाया स्वतःच कुजायला लागलाय, त्यातून अॅसिड निघतं आणि ते अॅसिडच कुजणं वाढवतं. वासाचे दोन डबे आजच बाकीच्या पाचांपासून वेगळे करा, दुसऱ्या खोलीत. प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधू नका, वाफ आत कोंडते. गंजलेल्या पत्र्यातून काढून अॅसिड नसलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यात किंवा भोकं असलेल्या डब्यात ठेवा. माळा ही घरातली सगळ्यात वाईट जागा, पत्र्याखाली तापतो. घरातल्या सगळ्यात थंड, कोरड्या खोलीत, जमिनीपासून वर. डब्यावर सासऱ्यांनी काही लिहिलं असेल तर ती चिठ्ठी फेकू नका, फोटो काढा, त्या चिठ्ठीला फिल्मइतकीच किंमत आहे. मग स्कॅन. प्रोजेक्टर भिंतीवर लावून मोबाइलने शूट करणारे "स्कॅनिंगवाले" खूप झालेत, त्यांच्याकडे देऊ नका. आकसलेली फिल्म दात्यांशिवाय ओढणारं मशीन लागतं.

आणि सासूबाईंना शेजारी बसवून प्रत्येक चेहऱ्याचं नाव लिहून घ्या. हे आधी करा, स्कॅनच्याही आधी.

दीक्षाभूमी रोड

हे तुम्ही आमच्या वाचनालयाला शिकवाल का? आमच्याकडे वस्तीत अशा कॅसेट आणि दोन-तीन रिळं आहेत. मी अजून चिडलेलाच आहे, पण विचारतोय.

सदाशिव पेठ

येतो. स्लीपरनेच येतो. यादीबद्दल तुम्ही जे बोललात त्यावर रात्री विचार केला. टेबलावरच्या दोन वर्षांत मी जेवढी रिळं तपासली त्यात बहुतेक सिनेमेच होते. न्यूजरील अगदी थोडी. तेव्हा हा प्रश्न मला पडला नव्हता.

पोफळीची सून

वेगळे केले. दिराला सांगितलं, रंगकाम थांबेल. सासूबाईंना विचारायला बसले तर डब्यावरचं सासऱ्यांचं अक्षर बघूनच त्या पाच मिनिटं बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, अंथरुणावर बसलेल्यांत लाल स्वेटरमधली मुलगी दिसेल, ती शेजारची, ती त्याच आठवड्यात गेली.

बोरिवली एडिटर

त्या स्वेटरचा रंग तरी कुणाला अंदाजाने भरायला लागणार नाही. कोडॅकची जुनी रंगीत फिल्म, कोडाक्रोम, असेल तर अंधारात रंग चांगले टिकतात.

ताई, क्लिप काढून टाकावी असं मला अजूनही वाटत नाही. लोकांनी ती बघितली, घरात विषय निघाला, हे मी नाकारणार नाही. पण "इतिहास जिवंत केला" काढलंय. "कृष्णधवल फिल्मवरून एआयने बनवलेलं चित्र, चेहरे आणि रंग अंदाजाने" असं पहिल्या सेकंदापासून शेवटपर्यंत खाली टाकलंय, आणि मूळ फिल्म अर्ध्या स्क्रीनवर शेजारी लावतोय. झेंडा निळा केला. आवाज काढला, त्या घोषणा मी दुसऱ्या कुठल्यातरी मोर्चातून उचलल्या होत्या, ते चुकलंच. व्हटकरांचं नाव घातलं, ते मी आधी घालायला हवं होतं, मला माहीतच नव्हतं.

मूळ फिल्मची जरा बरी कॉपी कुणाकडे असेल तर द्या, माझी फार खराब आहे. आणि ताई, आजोबा कुठे आहेत ते सांगा. तो भाग मी एआयमधून काढणार नाही, जसा आहे तसाच ठेवतो.

नायगावची नात

मामांकडे चाळीतली कॅसेट आहे, तुमच्यापेक्षा बरी. रविवारी आणून देते.

४१ वा सेकंद. ट्रक पुढे जातो, मग डावीकडून तिसरे, पांढरी टोपी. दोन सेकंदच आहेत. कान बघा.